परतणाऱ्या रक्ताचा दोष किती?

तर्कशास्त्राच्या पाठ्यपुस्तकांत कारण आणि कार्य यांची उदाहरणे बहुधा ठरावीक असतात. काचेच्या भांड्यातील हवा काढून घेतली की आत वाजणाऱ्या घंटेचा आवाज ऐकू येत नाही. म्हणून आवाज ऐकू येण्यास हवा कारण आहे. विद्यार्थी हे उदाहरण पाठ करतात, परीक्षेत उतरवतात आणि विसरून जातात. त्यांना दोष देता येणार नाही. या उदाहरणात शोधण्यासारखे काही उरलेलेच नसते. उत्तर आधी ठाऊक असते आणि पद्धतीचे नाव मागाहून चिकटवलेले असते.

म्हणून गेली काही वर्षे मी वर्गात एक निराळे उदाहरण सांगत आलो आहे. ते वैद्यकातील आहे. वैद्यक हा माझा विषय नव्हे. पण या उदाहरणात कारण खरोखरच लपलेले होते, जाणत्या संशोधकांचे त्याविषयी कित्येक वर्षे एकमत होत नव्हते, आणि त्याच्या निर्णयावर माणसांचे प्राण अवलंबून होते व आहेत. एका तासात ते पुरे होत नाही, म्हणून या अंकाच्या निमित्ताने ते सविस्तर मांडीत आहे.

प्रश्न असा आहे. शरीराच्या एखाद्या भागाचा रक्तपुरवठा काही काळ बंद पडला आणि नंतर तो पुन्हा सुरू झाला, तर त्या भागाची जी हानी झालेली आढळते तिचा दोष कोणाचा? रक्त थांबल्याचा, की रक्त परत आल्याचा?

बहुतेकांचे उत्तर ठरलेले असते. रक्त म्हणजे जीवन. ते थांबले म्हणून नुकसान झाले. ते परत आले ही तर सुटका. सुटकेला कोणी दोष देते काय? तरीही हा प्रश्न विचारावा लागला, कारण सुटका झालेली माणसे मरताना दिसली.

लंडनमधील ढिगारे

सप्टेंबर १९४० ते मे १९४१ या काळात जर्मन विमानांनी लंडन शहरावर बाँबहल्ले केले. घरे कोसळली आणि माणसे तासन्‌तास ढिगाऱ्याखाली अडकून पडली. एरिक बायवॉटर्स हे त्या वेळी हॅमरस्मिथ येथील रुग्णालयात काम करणारे तरुण डॉक्टर होते. मार्च १९४१ मध्ये त्यांनी आणि डेस्मंड बील यांनी ब्रिटिश मेडिकल जर्नलमध्ये अशा चार रुग्णांची हकिगत प्रसिद्ध केली.

त्या हकिगतीचा क्रम ध्यानात ठेवण्यासारखा आहे. माणूस कित्येक तास गाडला गेलेला. हात किंवा पाय तुळईखाली दाबलेला. बाहेर काढतात तेव्हा तो शुद्धीवर असतो, बोलतो, प्रकृती बरी दिसते. दबलेला अवयव थोडा सुजलेला आणि बधिर असतो, एवढेच. काही तासांनी तो अवयव टणक होऊन सुजतो, अंग गार पडते, घाम सुटतो, रक्तदाब उतरतो. सीरम, प्लाझ्मा किंवा क्वचित रक्त दिल्यावर रुग्ण सावरतो. पण मग लघवी कमी होते, तिचा रंग गडद तपकिरी होतो आणि मूत्रपिंडे काम सोडतात. अनेकदा आठवड्याच्या आत मृत्यू येतो. मूत्रपिंडांना तर मार लागलेला नसतो!

ही गोष्ट पूर्वी कोणाच्या नजरेस आली नव्हती असे नाही. १९०८ साली इटलीतील मेसिना येथे झालेल्या भूकंपानंतर आणि पहिल्या महायुद्धात खंदकांत गाडल्या गेलेल्या सैनिकांत जर्मन डॉक्टरांनी असे रुग्ण पाहिले होते. बर्लिनमध्ये काम करणारे जपानी वैद्य सेइगो मिनामी यांनी १९२३ साली त्याविषयी लिहिलेही होते. परंतु ते लिखाण विस्मृतीत गेले आणि लंडनच्या डॉक्टरांना सारे नव्याने पाहावे लागले.

यामागचे रहस्य पुढील काही वर्षांत उलगडले. दाबलेल्या स्नायूंच्या पेशी फुटतात. त्यांच्यातील पोटॅशियम, आम्ले आणि मायोग्लोबिन नावाचे तांबूस प्रथिन तिथेच साचून राहते. तुळई उचलली की त्या अवयवात रक्त शिरते आणि हा साठा घेऊन साऱ्या शरीरात फिरते. पोटॅशियम एकाएकी वाढले तर हृदयाचे ठोके बिघडतात, प्रसंगी थांबतात. मायोग्लोबिन मूत्रपिंडाच्या सूक्ष्म नलिकांत अडकून त्यांची हानी करते. शिवाय शरीरातील पुष्कळसे पाणी त्या सुजणाऱ्या स्नायूंत ओढले जाते आणि रक्त कमी पडते. तुळई होती तोवर ती पाय चिरडत होती हे खरे; पण पायातील विष तिनेच अडवून धरले होते, हेही तितकेच खरे.

दोन प्रश्नांची गल्लत नको

येथे विद्यार्थी नेहमी एक शंका काढतात. मांडी घालून फार वेळ बसले की पाय बधिर होतो आणि मोकळा केला की मुंग्या येतात. तोच हा प्रकार का? तसे नाही. त्या मुंग्या मुख्यतः मज्जातंतूवर पडलेल्या दाबामुळे येतात आणि थोड्या वेळात जातात. आपला विषय तासांचा आहे आणि त्यात पेशी मरतात.

दुसरी गल्लत अधिक सूक्ष्म आहे. लंडनच्या रुग्णांत परतणाऱ्या रक्ताने पायातील विष दुसरीकडे वाहून नेले. येथे रक्त हा केवळ हमाल आहे. पण परतणारे रक्त ज्या भागात परतते त्याच भागातील जिवंत पेशींना मारते काय, हा अगदी स्वतंत्र प्रश्न आहे. पहिल्या प्रश्नाचे उत्तर मिळाले म्हणून दुसऱ्याचे मिळाले असे होत नाही. दुसऱ्या प्रश्नाचा शोध प्रामुख्याने हृदयावर घेतला गेला आणि खरा तर्कशास्त्रीय पेच तेथेच उभा राहिला.

रक्त थांबते तेव्हा

हृदयाच्या स्नायूला रक्त पुरविणारी एखादी रोहिणी बंद पडली की काय घडते ते आधी पाहू. प्राणवायू मिळेनासा झाला की पेशीतील इंधन, म्हणजे एटीपी नावाचे द्रव्य, तयार होण्याचे जवळजवळ थांबते. पेशी प्राणवायूवाचून थोडेफार इंधन बनविते, पण त्यापायी लॅक्टिक आम्ल साचून पेशी आंबट होते. पेशीच्या पडद्यातील जे पंप सोडियम बाहेर टाकतात ते इंधनाअभावी मंदावतात आणि सोडियम आत साचते. पेशीची वीजघरे समजल्या जाणाऱ्या तंतुकणिकांमध्ये सक्सिनेट नावाचे अर्धवट जळालेले इंधन साठत जाते.

हे असेच चालू राहिले तर पेशी मरते, याविषयी वाद नाही. ती किती वेगाने मरते हेही मोजले गेले आहे. रायमर आणि जेनिंग्ज यांनी १९७७ साली कुत्र्यांवर केलेल्या प्रयोगांत ४० मिनिटे रोहिणी बंद ठेवली तेव्हा हृदयाच्या भिंतीच्या जाडीपैकी सरासरी ३८ टक्के भाग मृत झाला. ३ तास बंद ठेवली तेव्हा ५७ टक्के, ६ तासांत ७१ टक्के, आणि कायमची बांधून टाकली तेव्हा ८५ टक्के. मृत्यू भिंतीच्या आतल्या बाजूपासून बाहेरच्या बाजूकडे लाटेसारखा सरकत जातो. तर्कशास्त्राच्या भाषेत ही सहचारी परिवर्तनाची पद्धती झाली: एक गोष्ट जसजशी वाढते तसतशी दुसरी वाढते, म्हणून त्या दोहोंत कार्यकारणसंबंध असला पाहिजे. तेव्हा अडथळ्याचा दोष सिद्ध झाला. त्याला सोडून देण्याचा प्रश्नच नाही. प्रश्न एवढाच, की तो एकटाच दोषी आहे काय?

रक्त परतते तेव्हा

आमच्याकडच्या खेड्यांत भारनियमनाचा अनुभव सर्वांना आहे. वीज गेलेली असते तेव्हा विहिरींवरच्या मोटारी नुसत्याच बंद असतात. वीज परत येते त्या क्षणी ऑटो स्विच लावलेल्या साऱ्या मोटारी एकदम सुरू होतात, भार पेलवत नाही आणि डीपी जळते. वीज नव्हती म्हणून नव्हे, तर तयारी नसताना एकदम आली म्हणून.

साम्यावरून केलेले अनुमान म्हणजे सिद्धता नव्हे, हे मी वर्गात बजावून सांगतो आणि येथेही सांगतो. पण पेशीत काय घडते ते समजण्यास हे चित्र उपयोगी पडते. रक्त परतले की प्राणवायू एकदम येतो. तंतुकणिकांतील साठलेले सक्सिनेट भडकन जळते आणि त्यातून प्राणवायूची अतिशय दाहक रूपे बाहेर पडतात. ही रूपे पेशीचे पडदे, प्रथिने, जे समोर येईल ते जाळतात. सक्सिनेटचा हा भाग २०१४ साली केंब्रिज येथील संशोधकांनी उजेडात आणला. दुसरीकडे, परतलेले रक्त पेशीबाहेरचे आम्ल धुऊन नेते. ही चांगली गोष्ट वाटते. परंतु मग पेशी आपल्या आतील आम्ल घाईने बाहेर टाकू लागते, त्या बदल्यात सोडियम आत घेते आणि पुढे त्या सोडियमच्या बदल्यात कॅल्शियम आत घेते. कॅल्शियम वाढले की हृदयाचा स्नायू आवळला जातो व सैल होत नाही. तंतुकणिकांच्या पडद्यात एक छिद्र असते. पेशी आंबट असेतो ते मिटलेले राहते. आंबटपणा गेला, कॅल्शियम आणि दाहक रूपे वाढली, की ते उघडते. ते उघडले की वीजघर कायमचे बंद पडते आणि पेशी मरते. ज्या आंबटपणाला आपण शत्रू समजत होतो तो काही काळ दाराला कडी घालून बसला होता!

याशिवाय आणखी एक गंमत आहे, जिला गंमत म्हणणे जिवावर येते. मोठी रोहिणी उघडली तरी तिच्यापुढील केशवाहिन्यांत रक्त शिरतेच असे नाही. त्यांच्या भिंती सुजलेल्या असतात आणि पांढऱ्या पेशी त्यांत चिकटून बसतात. एम्स आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९६८ साली सशांच्या मेंदूत आणि क्लोनर व त्यांच्या सहकाऱ्यांनी १९७४ साली कुत्र्यांच्या हृदयात ही गोष्ट दाखविली. हमरस्ता खुला झाला, पण गल्ल्या बंदच राहिल्या.

काकतालीय न्यायाची शंका

एवढे सारे वाचून कोणी म्हणेल, मग आणखी काय सिद्ध करावयाचे राहिले? पुष्कळच राहिले. आपल्याकडे काकतालीय न्याय प्रसिद्ध आहे. कावळा झाडावर बसला आणि त्याच वेळी ताडाचे फळ पडले. म्हणून कावळ्याने फळ पाडले असे म्हणता येत नाही. फळ पिकलेलेच होते.

हृदयाच्या बाबतीत नेमकी हीच शंका होती. १९६० साली जेनिंग्ज व त्यांच्या सहकाऱ्यांनी कुत्र्यांच्या हृदयाची रोहिणी काही काळ बांधून पुन्हा सोडली. तेव्हा रक्त परतलेल्या पेशींत मोडतोड फार झपाट्याने दिसली. यावरून दोन तर्क करता येतात. पहिला असा, की रक्त परतले नसते तर त्या पेशी वाचल्या असत्या. दुसरा असा, की त्या पेशी आधीच मरणाच्या दारात होत्या. रक्त परतल्यामुळे त्यांचे मरण लवकर दृष्टीस पडले, एवढेच. पहिल्या तर्कानुसार परतलेले रक्त मारेकरी ठरते. दुसऱ्यानुसार ते केवळ वार्ता आणणारे ठरते. सूक्ष्मदर्शकाखाली दोन्ही सारखेच दिसतात. पेशी मेलेली दिसते. ती कधी आणि कोणामुळे मेली हे ती सांगत नाही.

दाहक रूपे सापडली, कॅल्शियम सापडले, छिद्र सापडले, तरी हा पेच सुटत नव्हता. चोर ज्या वाटेने आला असेल ती वाट सापडली म्हणजे चोरी त्यानेच केली हे सिद्ध होत नाही.

१९८६ साली मरी, जेनिंग्ज आणि रायमर यांनी एक विलक्षण गोष्ट प्रसिद्ध केली. कुत्र्याची रोहिणी आधी चार वेळा पाच-पाच मिनिटे बंद करून मधे पाच-पाच मिनिटे उघडी ठेवली, आणि मग ४० मिनिटे बंद केली, तर होणारी हानी नेहमीच्या सुमारे एकचतुर्थांशच राहिली. हृदयाला जणू सराव झाला. हा शोध मोठा होता, पण आपल्या प्रश्नाचे उत्तर त्यात नव्हते. सराव अडथळ्याच्या आधी दिलेला होता. तेव्हा त्याने अडथळा सोसण्याची ताकद वाढविली की परतलेले रक्त सोसण्याची, हे कसे कळावे?

तीस सेकंदांचा प्रयोग

जॉन स्टुअर्ट मिल यांनी १८४३ साली प्रसिद्ध केलेल्या आपल्या तर्कशास्त्रावरील ग्रंथात व्यतिरेक पद्धती मांडली आहे. दोन प्रसंग घ्यावेत. त्यांत सर्व गोष्टी सारख्या असाव्यात. केवळ एक निराळी असावी. त्या एका फरकाने परिणाम बदलला, तर तो फरक त्या परिणामाचे कारण किंवा कारणाचा आवश्यक भाग होय. आपल्या पेचाला ही पद्धती लावावयाची तर काय केले पाहिजे? अडथळा दोन्हीकडे सारखा ठेवावा आणि केवळ रक्त परत येण्याची रीत बदलावी. मी हे येथवर सांगून वर्गात थांबतो आणि प्रयोग कसा रचाल असे विचारतो. दरवर्षी एखाद-दुसरा विद्यार्थी उत्तराच्या जवळ येतो.

हा प्रयोग २००३ साली अमेरिकेतील अटलांटा येथे व्हिन्टेन-योहान्सेन व त्यांच्या सहकाऱ्यांनी केला. सर्व कुत्र्यांची तीच रोहिणी ६० मिनिटे बंद ठेवली. एका गटात ती सरळ उघडून टाकली. दुसऱ्या गटात ती अडखळत उघडली: तीस सेकंद उघडी, तीस सेकंद बंद, असे तीन वेळा, आणि मग पूर्ण उघडी. पहिल्या गटात धोक्यात आलेल्या स्नायूंपैकी सरासरी २५ टक्के मृत झाले. दुसऱ्या गटात १४ टक्के.

या आकड्यांकडे तर्काच्या दृष्टीने पाहावे. साठ मिनिटांचा अडथळा दोन्हीकडे होता. किंबहुना, दुसऱ्या गटात रोहिणी एकंदर दीड मिनिट जास्तच बंद राहिली. सगळा दोष अडथळ्याचा असता तर दुसऱ्या गटात हानी तेवढीच किंवा किंचित जास्त व्हावयास हवी होती. ती कमी झाली. ज्या पेशी दुसऱ्या गटात वाचल्या, तशाच पेशी पहिल्या गटातही साठाव्या मिनिटाला जिवंत असल्याच पाहिजेत. त्या साठाव्या मिनिटानंतर मेल्या, आणि साठाव्या मिनिटानंतर त्यांच्या वाट्याला जे आले ते परतलेले रक्तच. काकतालीय न्यायाची शंका येथे मिटते. फळ पिकलेले नव्हते. कावळ्याने ते पाडले.

हे अडखळत उघडणे का उपयोगी पडते याचेही एक स्पष्टीकरण दिले जाते. रक्त थोडे थोडे आले की आम्ल एकदम धुतले जात नाही, छिद्र काही मिनिटे मिटलेले राहते आणि तेवढ्यात पेशी सावरते. पुढे उंदरांवरील प्रयोगांत असे दिसले की ही युक्ती पहिल्या मिनिटातच केली पाहिजे. मिनिटभराचा उशीर झाला तर फायदा नाहीसा होतो. घाव कोणत्या क्षणी पडतो हेही त्यावरून कळले.

कुत्रा आणि माणूस

येथे थांबलो असतो तर गोष्ट मोठी सुरेख झाली असती. परंतु सत्य सुरेख असण्यास बांधलेले नसते. हेच उपाय माणसांवर करून पाहिले तेव्हा काय झाले?

छिद्र मिटवून ठेवणारे सायक्लोस्पोरिन हे औषध २००८ साली ५८ रुग्णांना घेऊन तपासले गेले. हानी कमी झालेली दिसली आणि मोठ्या आशा उत्पन्न झाल्या. २०१५ साली ९७० रुग्णांवरील चाचणीचा निष्कर्ष आला: मृत्यू किंवा हृदय दुबळे होणे यांत काही फरक नाही. हृदयाची रोहिणी फुग्याने अडखळत उघडण्याची चाचणी डेन्मार्कमध्ये १,२३४ रुग्णांवर झाली. २०१७ सालच्या तिच्या अहवालातही ठळक फायदा दिसला नाही. दंडाला रक्तदाब मोजण्याचा पट्टा बांधून तो अनेकदा आवळण्या-सोडण्याचा सोपा उपाय पाच हजारांहून अधिक रुग्णांवर तपासला गेला. २०१९ साली त्याचाही निष्कर्ष नकारार्थी आला.

यावरून माणसात परतणारे रक्त निर्दोष आहे असे ठरते काय? ठरत नाही. औषध लागू पडले नाही म्हणजे रोग नव्हता असे म्हणणे हा तर्कदोष आहे. प्रयोगातील कुत्रे तरुण, निरोगी आणि एका मापाचे असतात; त्यांची रोहिणी केव्हा बंद केली हे मिनिटाच्या हिशेबाने माहीत असते. रुग्ण म्हातारा असतो, मधुमेही असतो, अनेक औषधे घेत असतो; छातीत कळ केव्हा आली ते त्यालाही नीट सांगता येत नाही. त्याच्या रोहिणीतील गुठळीचे तुकडे पुढे जाऊन आणखी अडथळे करतात. आणि तो रुग्णालयात पोचेपर्यंत बरीचशी हानी होऊन गेलेली असते. मात्र एवढे निश्चित, की कुत्र्यावरील व्यतिरेक पद्धतीने मिळालेले ज्ञान कुत्र्यापुरते पक्के आहे. माणसापर्यंत यावयाचे तर मधे एक सामान्यीकरण आहे, आणि सामान्यीकरणाची सिद्धता स्वतंत्रपणे द्यावी लागते. विगमनाची ही मर्यादा पाठ्यपुस्तकात दोन ओळींत असते. येथे तिची किंमत वीस वर्षांचे श्रम एवढी मोजली गेली.

दोन चुकीचे निष्कर्ष

आता या साऱ्यातून आपण घ्यावयाचे काय? मला दोन चुकीच्या निष्कर्षांची भीती वाटते.

पहिला असा: परतणारे रक्त मारते, तर मग ते परत आणण्याची घाई नको. हा निष्कर्ष प्राणघातक आहे. १९८८ साली प्रसिद्ध झालेल्या एका आंतरराष्ट्रीय चाचणीत हृदयविकाराचा झटका आला असल्याची शंका असलेले १७,१८७ रुग्ण होते. गुठळी विरघळविणारे स्ट्रेप्टोकायनेज ज्यांना दिले त्यांच्यापैकी ९.२ टक्के रुग्ण पाच आठवड्यांत हृदयाच्या व रक्तवाहिन्यांच्या विकाराने दगावले. ज्यांना दिले नाही त्यांच्यापैकी १२ टक्के. परतणाऱ्या रक्ताचे सारे दोष या आकड्यांत जमा धरलेले आहेत, आणि तरीही पारडे रक्त परत आणण्याच्याच बाजूला झुकते. रक्त परत आले नाही तर पेशी निश्चित मरते. परत आले तर काही मरतात, पुष्कळ वाचतात. दोन कारणांपैकी एक लहान आहे म्हणून ते कारण नव्हे असे नाही. आणि ते कारण आहे म्हणून ते मोठेच आहे असेही नाही. छातीत कळ येऊन घाम सुटला तर घरी बसून राहू नये, हा नियम या लेखातील एकाही वाक्याने सैल होत नाही.

दुसरा चुकीचा निष्कर्ष अधिक प्रचलित आहे: अडथळा दूर झाला, आता संकट टळले. लंडनच्या त्या रुग्णांना पाहून प्रथम सर्वांना तसेच वाटले असणार. १७ ऑगस्ट १९९९ रोजी तुर्कस्तानातील मार्मारा भागात भूकंप झाला. तेथे ढिगाऱ्यातून सुटून मूत्रपिंडे बिघडलेल्या ६३९ रुग्णांची नोंद झाली. त्यांतील ४७७ जणांना डायालिसिस द्यावे लागले. २००३ साली त्याच देशात बिंगोल येथे भूकंप झाला तेव्हा डॉक्टरांनी सलाइन लवकर आणि भरपूर दिले. तेथील १६ रुग्णांपैकी चौघांनाच डायालिसिस लागले. हे दोन गट सारखे नव्हते आणि दुसरा फारच लहान होता, म्हणून येथे व्यतिरेक पद्धती पूर्ण होत नाही. पण दिशा स्पष्ट आहे. आज अशा प्रसंगांसाठी तज्ज्ञांचा सल्ला असा आहे, की शक्य असेल तर माणूस ढिगाऱ्याखाली असतानाच, दबलेला अवयव मोकळा करण्याआधी, शिरेतून सलाइन सुरू करावे. आणि त्यात पोटॅशियम नसावे.

हे आपल्यापासून दूरचे नाही. ३० सप्टेंबर १९९३ रोजी किल्लारीला दगडमातीची घरे झोपलेल्या माणसांवर कोसळली. २०२० साली ऑगस्टमध्ये महाडला आणि सप्टेंबरमध्ये भिवंडीला इमारती पडल्या. अशा वेळी सर्वांत आधी धावून जातात ते शेजारी आणि गावातील तरुण, म्हणजे या अंकाचे वाचक. त्यांनी दगड उचलू नयेत असे मी मुळीच म्हणत नाही. जवळ डॉक्टर नसेल तर माणूस बाहेर काढलाच पाहिजे. पण ज्याचा हात किंवा पाय तासाहून अधिक काळ दबलेला होता, तो हसून बोलत असला तरी त्याला पाणी पाजून घरी पाठवू नये. त्याला रुग्णालयात न्यावे, किती वेळ दबला होता ते तेथे सांगावे आणि लघवीचा रंग व प्रमाण यांवर लक्ष ठेवावे.

खेड्यांतील आणखी एक रिवाज येथे आठवतो. साप चावला की हातापायाला करकचून दोरी बांधतात. तशी ती बांधू नये, असेच वैद्यकाचे सांगणे आहे. घट्ट दोरीने अवयव सडू शकतो. परंतु बांधून झालीच असेल तर वाटेत कोणी शहाण्याने ती झटकन सोडू नये. अडून राहिलेले सर्पविष एकदम शरीरभर पसरू शकते. डॉक्टरांसमोर, त्यांची तयारी झाल्यावरच ती सुटली पाहिजे. येथील विष सापाचे आहे, पेशीचे नव्हे. म्हणून शास्त्रदृष्ट्या हे उदाहरण निराळे आहे. पण बांधणे चूक होते म्हणून सोडणे कसेही चालेल, ही समजूत दोन्हीकडे सारखीच घातक आहे.

तर्कशास्त्राचा उपयोग काय, असे प्रथम वर्षाचे विद्यार्थी मला विचारतात. या उदाहरणापुरते उत्तर असे. एखाद्या अनर्थाला एक कारण सापडले की मन तेथेच थांबू पाहते. अडथळा हे कारण सापडले होते, ते खरेही होते, आणि म्हणूनच दुसऱ्या कारणाकडे बघण्याची गरज पुष्कळांना वाटली नाही. खरे कारण सापडल्यावरही ते पुरेसे आहे काय, हे विचारण्याची सवय लागणे हाच त्या अभ्यासाचा लाभ आहे. रुग्णालयात ती सवय असलेली माणसे रोहिणी उघडल्यावर हात पुसून निघून जात नाहीत. ती रुग्णाजवळ बसून राहतात.